माघार घ्या, पण दार उघडं ठेवून

१४ फेब्रुवारी २०२४ रोजी उमर खालिद यांनी सर्वोच्च न्यायालयातला जामीन अर्ज मागे घेतला, तेव्हा आपल्यातल्या अनेक तरुणांनी विचारलं, म्हणजे हरलो का? त्यांचे वकील कपिल सिब्बल यांनी परिस्थिती बदलल्याचं कारण दिलं आणि पुन्हा खालच्या न्यायालयात जाऊ, असं सांगितलं. मागे घेतलेला जामीन अर्ज नव्याने करता येतो. दार बंद झालं नव्हतं.

प्रत्येक खटल्यात मात्र ते असं आपोआप उघडं राहत नाही.

समजा, लोहाऱ्यात कब्रस्तानच्या जागेबद्दल सरकारी नोटीस आली. कमिटीने उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात रिट याचिका केली. तारखांवर तारखा पडतात, वर्गणी संपत येते. मग कुणी साहेब म्हणतात, "केस मागे घ्या, बसून मार्ग काढू." थकलेली कमिटी हो म्हणते. सहा महिन्यांनी तीच नोटीस पुन्हा दारात. आता काय?

सरगुजा ट्रान्सपोर्ट खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९८० च्या दशकातच सांगून ठेवलंय की, नव्याने याचिका करण्याची परवानगी न घेता रिट याचिका मागे घेतली, तर त्याच कारणासाठी अनुच्छेद २२६ खाली पुन्हा उच्च न्यायालयात जाता येत नाही. दिवाणी दावा किंवा अनुच्छेद ३२ खाली थेट सर्वोच्च न्यायालय, हे मार्ग त्यामुळे बंद होत नाहीत. पण गावच्या कमिटीला दिल्ली किती परवडणार?

दिवाणी दाव्याचंही तसंच आहे. परवानगीशिवाय मागे घेतला, तर त्याच विषयावर नवा दावा नाही. परवानगी मिळाली तरी मुदत मोजताना पहिला दावा केलाच नव्हता, असं धरतात.

माझं म्हणणं एवढंच: माघार घ्यायला लाजू नका. कागद अपुरे असतील, याचिका घाईत केलेली असेल, तर विरोधात निकाल ओढवून घेण्यापेक्षा ती मागे घेणं शहाणपणाचं. पण वकिलांना सांगा, "पुन्हा दाद मागण्याची मुभा" हे शब्द आदेशात आलेच पाहिजेत. साहेबांनी आश्वासन दिलं असेल, तर सरकारी वकिलांकरवी तेही आदेशात नोंदवून घ्या. चहा पिताना दिलेला शब्द न्यायालयात दाखवता येत नाही. आदेशाची प्रत कमिटीच्या फाइलमध्ये ठेवा आणि मुदतीची तारीख जुम्याच्या नमाजनंतर सगळ्यांना सांगा.

हुदैबियात प्रेषित मुहम्मद (सल्ल.) उमरा न करताच परतले. हजरत उमर (रजि.) यांच्यासारख्या सहाबींनाही ते जड गेलं. पण करार लिहून झाला होता, आणि पुढच्या वर्षी मक्केत येण्याची मुभा त्यात होती. पुढच्या वर्षी मुसलमान मक्केत गेले.

उघडं दार म्हणजे न्याय नव्हे. उमर खालिद त्याच पायऱ्या पुन्हा चढून गेले आणि ५ जानेवारी २०२६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्यांना जामीन नाकारला. तरीही त्यांना पुन्हा दार ठोठावता आलं. आपल्या हातात तेवढंच असेल, तर निदान ते आपल्याच सहीने बंद करू नका.