‘असूनही’ या एका शब्दाची गोष्ट

रमजानचा महिना आला की सलोख्याचे निरोप मोबाइलवर फिरू लागतात. त्यातला एक बहुतेकांनी कधी ना कधी वाचलेला असतो : ‘मुसलमान असूनही महाभारत लिहिणारे डॉ. राही मासूम रझा.’ हिंदू मित्र तो मुस्लिम मित्राला पाठवतो, मुस्लिम मित्र पुढे दहा जणांना पाठवतो. हेतू चांगलाच असतो. पण त्या ओळीतला ‘असूनही’ हा शब्द जरा थांबून पाहण्यासारखा आहे. राहींचे आयुष्य नीट पाहिले तर तो शब्द तिथे बसत नाही.

राहींचा जन्म १९२७ चा, उत्तर प्रदेशातल्या गाझीपूर जिल्ह्यातल्या गंगौलीचा. लहानपणीच्या आजारपणाने पाय अधू झाला आणि पुस्तकांची सोबत वाढली. पुढे अलीगढ मुस्लिम विद्यापीठात त्यांनी ‘तिलिस्म-ए-होशरुबा’ या उर्दूतल्या अवाढव्य कथामालेवर पीएच.डी. केली आणि तिथेच शिकवलेही. शेकडो पात्रे, गोष्टीतून निघणारी गोष्ट, युद्ध, माया आणि कपट यांनी भरलेल्या त्या कथांचा त्यांनी अभ्यासक म्हणून कस लावला होता. अशा माणसाच्या हाती पुढे महाभारत आले, यात खरे तर नवल नाही. त्याची तालीम आधीच झाली होती.

१९६६ मध्ये त्यांची ‘आधा गाँव’ ही कादंबरी आली. फाळणीच्या वेळी गंगौलीतल्या मुस्लिम कुटुंबांचे काय झाले, पाकिस्तानच्या घोषणेने गावातले साधे जगणे कसे उसवत गेले, हे त्यांनी गावच्याच बोलीत लिहिले. त्याच वर्षी १९६५ च्या युद्धात शहीद झालेल्या परमवीर अब्दुल हमीद यांचे चरित्रही त्यांनी लिहिले. हमीद त्यांच्याच जिल्ह्यातले.

साठच्या दशकाच्या अखेरीस ते मुंबईत आले. साहित्यिक म्हणून नाव होते, पण घर चालवायला सिनेमाच हवा होता. पुढची जवळपास पंचवीस वर्षे त्यांनी मिळेल ते काम मनापासून केले. ‘मिली’मधली आजारी मुलगी त्यांची आणि ‘गोलमाल’मधले मिशीवरून रंगणारे उत्पल दत्त-अमोल पालेकर यांचे संवादही त्यांचे. ‘कर्ज’ची पुनर्जन्माची कथा असो की ‘डिस्को डान्सर’, लेखणी त्यांचीच. ‘मैं तुलसी तेरे आँगन की’, ‘तवायफ’ आणि ‘लम्हे’ या तीन चित्रपटांच्या संवादांसाठी त्यांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाले. दूरदर्शनवर ‘नीम का पेड़’ ही जमीनदारी आणि बदलत्या राजकारणाची मालिकाही त्यांचीच. विनोद, अश्रू, नाचगाणे, राजकारण यांतला कोणताही प्रकार त्यांनी हलका मानला नाही. असा लेखक एका मालिकेपुरता आणि एका धर्मापुरता आठवणे हा त्याच्यावर अन्यायच आहे.

आता महाभारताकडे. २ ऑक्टोबर १९८८ ला बी. आर. चोप्रांची मालिका सुरू झाली. १९९० च्या मध्यापर्यंत ९४ भाग झाले. त्या काळात रविवारी सकाळी रस्ते ओस पडत. गल्लीत एखाद्याच घरी टीव्ही असे आणि त्या घरी सगळी गल्ली जमे. जमिनीवर बसलेल्या पोरांमध्ये कोण देशमुखांचे, कोण शेखांचे, कोण कांबळ्यांचे, हे कुणी विचारत नसे. त्या काळात दोन रमजान येऊन गेले, एप्रिल १९८९ चा आणि मार्च-एप्रिल १९९० चा. रोजा ठेवलेली माणसेही कौरव-पांडवांचे पुढे काय होते, ते पाहायला बसत.

एवढी मोठी कथा सांगायची कुणी, हा लेखकापुढचा पहिला प्रश्न होता. राहींनी ‘समय’ला निवेदक केले. हरीश भिमाणींच्या आवाजातला काळच सगळे सांगतो. तो कुणाच्या बाजूचा नाही आणि त्याच्यापासून काही लपत नाही. आणखी एक गोष्ट सांगितली जाते. ‘पिताश्री’, ‘माताश्री’, ‘भ्राताश्री’ ही घराघरांत पोचलेली संबोधने राहींनी ‘अब्बाजान’, ‘अम्मीजान’ या उर्दू घरातल्या आदरार्थी हाकांच्या चालीवर घडवली. म्हणजे ज्या शब्दांनी हस्तिनापूर हस्तिनापुरासारखे वाटू लागले, त्यांच्या घडणीत उर्दूचा हात होता. पंडित नरेंद्र शर्मांसारखा जाणकार सोबत होता. हे दोन अभ्यासू माणसांनी मिळून केलेले काम होते.

या कामाची सुरुवात मात्र कडवट झाली. राही संवाद लिहिणार असे जाहीर झाल्यावर चोप्रांकडे आक्षेपाची पत्रे आली. महाभारत लिहायला हिंदू लेखक मिळाला नाही का, असा त्यांचा सूर होता. आधी नकार देणाऱ्या राहींनी ती पत्रे वाचली आणि मग हट्टाने होकार दिला, असे सांगितले जाते. आपण गंगेचे पुत्र आहोत, या देशाची संस्कृती आपल्याइतकी कुणाला ठाऊक, अशी त्यांची भूमिका होती. आपल्याला तीन माता, जन्मदाती, अलीगढ विद्यापीठ आणि गंगा, असे ते म्हणत.

माजलगाव तालुक्यातल्या गोदाकाठच्या माणसाला हे समजावून सांगावे लागत नाही. इथे गोदावरीलाच गंगा म्हणतात, काठच्या मुलखाला गंगथडी म्हणतात. गंगथडीतला मुस्लिम शेतकरीही ‘गंगेला पाणी आलं’ असेच म्हणतो. त्याला कुणी ‘मुसलमान असूनही गंगा म्हणतो’ असे म्हटले तर तो चक्रावून बोलणाऱ्याकडे पाहील. राहींचे म्हणणे यापेक्षा वेगळे नव्हते.

आक्षेपाची पत्रे आणि कौतुकाचा निरोप यांत फरक जरूर आहे. एकात द्वेष आहे, दुसऱ्यात प्रेम. पण दोघांचे गृहीत एकच आहे : महाभारत हे राहींचे नव्हते, ते दुसऱ्याच्या घरात आले. पत्र लिहिणारा म्हणतो, बाहेर जा. निरोप पाठवणारा म्हणतो, आलात, छान केलेत. राहींचे म्हणणे होते की हे घर माझेही आहे. घरच्या माणसाचे पाहुण्यासारखे स्वागत झाले तर त्याला आनंद होईल, पण आत कुठेतरी टोचेलही.

हे टोचणे फक्त मोठ्या लेखकांच्या वाट्याला येत नाही. दहावीला मराठीत पहिल्या आलेल्या मुलीला ‘मुस्लिम असूनही किती शुद्ध मराठी’ अशी शाबासकी मिळते. तिची आई, आजी, पणजी याच मातीतल्या. मराठी तिने कुठून उसनी आणलेली नाही. टाळी वाजवणाऱ्याचा हेतू प्रेमळ, म्हणून ती हसून ‘थँक्यू सर’ म्हणते. घरी जाताना मात्र विचार करते की आपण नेमके काय ओलांडले?

बोट एकाच बाजूला दाखवून चालणार नाही. मुसलमान असून कृष्णाचे संवाद लिहिलेच कशाला, असे विचारणारे मुस्लिम समाजातही भेटतात. तेही तोच शब्द उलट्या बाजूने वापरतात. आणि रमजानमध्ये वर्तमानपत्रांच्या अशाच पानांवर ‘हिंदू असूनही रोजा ठेवला’ अशा बातम्या कौतुकाने येतात. शेजारच्या घरी रोजा म्हणून एखाद्याने एक दिवस उपास धरला, तर तो शेजारधर्म आहे. त्याला ‘असूनही’ जोडले की शेजारधर्म अपवाद होतो, आणि अपवाद म्हटला की नियम तुटलेपणाचाच आहे, अशी कबुली होते.

कुणी म्हणेल, दिवस असे आहेत की अशी उदाहरणे मोठ्याने सांगायलाच हवीत. सांगायला हवीतच. फक्त चमत्कार म्हणून सांगू नयेत. याच बीड जिल्ह्यातल्या आष्टी तालुक्यातले वाहिरे हे संत शेख महंमदांचे गाव मानले जाते. त्यांनी ‘योगसंग्राम’ मराठीत लिहिला, श्रीगोंद्यात त्यांची समाधी आहे आणि मराठी संतांच्या मालिकेत त्यांचे नाव सहज घेतले जाते. ही रीत राहींच्या कितीतरी आधीची आहे.

१५ मार्च १९९२ ला मुंबईत राहींचे निधन झाले, तेव्हा रमजानच चालू होता. ते काही फार धर्माचरणी नव्हते, आणि त्यांना तसे रंगवण्याचीही गरज नाही. त्यांची आठवण काढण्याचे कारण त्यांचे काम आहे. रमजानमध्ये रोजा पोटाचा असतो, तसा जिभेचाही असतो, असे वडीलधारी माणसे सांगतात. तोंडून जाणारा शब्द तोलून घ्यायचा. या वर्षी तो निरोप पुन्हा आला तर पुढे जरूर पाठवावा. पाठवण्याआधी एक शब्द तेवढा काढावा. ‘महाभारत लिहिणारे डॉ. राही मासूम रझा’, एवढे पुरेसे आहे.