टॅबू जगभर असतात, मग अस्पृश्यतेचेच काय एवढे?

परवा आमच्या अभ्यासवर्गात एक तरुण म्हणाला, "ताई, टॅबू तर जगात सगळीकडेच असतात. माणसाचा मेंदूच तसा आहे. मग आपण जातीवरच एवढे का बोलतो?" मुलगा आपलाच, मानसशास्त्र शिकणारा. प्रश्न प्रामाणिक होता. पण हाच युक्तिवाद समोरची मंडळी जातीच्या बचावासाठी वापरतात, म्हणून उत्तर नीट द्यायला हवे.

त्यात खरे आहे तेवढे आधी मान्य करू. 'टॅबू' हा शब्दच पॉलिनेशियातला. कॅप्टन कुकने १७७७ साली टोंगा बेटांवर तो ऐकला आणि इंग्रजीत नेला. पॉल रोझिन आणि सहकाऱ्यांनी १९८६ साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात निर्जंतुक केलेले मेलेले झुरळ रसात बुडवून काढले. धोका नाही हे माहीत असूनही लोकांना तो रस नकोसा झाला. नावडत्या माणसाने घातलेला शर्ट धुतलेला असला तरी नको वाटला. स्पर्शाने काहीतरी चिकटते, ही भावना माणसात खोलवर आहे, हे खरेच.

पण ती कुणाला चिकटवायची, हे मेंदू ठरवत नाही. मेरी डग्लस यांनी १९६६ साली मांडले की घाण म्हणजे आपली जागा सोडून आलेली गोष्ट. डोक्यावरचा केस घाण नसतो, भाकरीत निघाला की घाण. मग माणसांच्या जागा कुणी ठरवल्या?

महाड आठवा. चवदार तळ्यावर जनावरे पाणी पीत होती. २० मार्च १९२७ ला बाबासाहेब आणि आपली माणसे पाणी प्यायली आणि तळे 'बाटले'. नंतर सवर्णांनी ते शुद्ध केले, कशाने? शेण आणि गोमूत्र घातलेल्या पंचगव्याने! हा नुसता किळसेचा खेळ असता, तर किळस आधी शेणाची यायला हवी होती. तळ्यावर माणूस नव्हे, बरोबरीचा हक्क येऊन उभा राहिला होता. तो त्यांना बाटवत होता.

बाबासाहेबांनी १९४८ च्या 'द अनटचेबल्स' या ग्रंथात हा फरक फार स्पष्ट केला आहे. जन्म, वयात येणे, मृत्यू अशा प्रसंगी विटाळ मानणे अनेक आदिम समाजांत होते. पण तो तात्पुरता. काही दिवस, एखादा विधी, की माणूस पुन्हा समाजात. अख्ख्या समूहाला पिढ्यान्‌पिढ्या, कोणत्याही विधीने न फिटणारा विटाळ ही गोष्ट वेगळी. माझ्या मते या प्रश्नावर नंतर आलेले बरेचसे समाजशास्त्र या एका भेदापुढे फिके आहे. (एम.ए.ला आम्हाला फ्रेझर, फ्रॉईड शिकवले, हा ग्रंथ मात्र संदर्भयादीतही नव्हता.)

आणि टॅबू मोडता येतात. हवाई बेटांवर स्त्रियांनी पुरुषांसोबत जेवणे निषिद्ध होते. डुकराचे मांस, केळी, नारळही त्यांना वर्ज्य. १८१९ साली तरुण राजा लिहोलिहो सर्वांसमोर स्त्रियांच्या पंगतीत जाऊन जेवला. मागे काआहुमानू आणि राजाची आई यांचा आग्रह होता. ती व्यवस्था कोसळली, तीही ख्रिस्ती मिशनरी तिथे पोहोचण्याच्या आधी. आपल्याकडे सहभोजने झाली, राज्यघटनेचे कलम १७ आले, तरी जात उभी आहे. कारण ती ताटापुरती कधीच नव्हती; तिच्याखाली जमीन आहे, लग्नसंबंध आहेत, गटारात उतरणारे हात आहेत.

आता आपल्या घरात येऊ, इथे मला जास्त बोलायचे आहे. धम्म स्वीकारलेल्या आमच्या घरात माझी आई पाळीच्या दिवसांत तथागतांच्या मूर्तीसमोर मेणबत्ती लावत नसे. देव गेले, विटाळ राहिला! मी त्या दिवसांत पहिल्यांदा वंदना घेतली तेव्हा आई दोन दिवस माझ्याशी नीट बोलली नाही. ज्या कल्पनेने तिच्या आजीला पाणवठ्यावरून हाकलले, तीच कल्पना ती माझ्यावर राखत होती, हे तिला सांगायला मला बरीच वर्षे लागली.

त्या मुलाला मी शेवटी विचारले, "तुझ्या घरी बाजूला बसणे बंद झाले का रे?"

तो म्हणाला, "आईला विचारून सांगतो, ताई."