कलाक्षेत्रांतील स्त्रिया : दुय्यम भूमिकेचें मोल

नायिकेचें नांव सर्वांच्या जिभेवर असतें. परंतु शेजारीण, बहीण किंवा गृहिणी होऊन जिनें सारा प्रसंग तोलून धरला, तिचें नांव विचारलें तर घरांतील चारचौघे एकमेकांच्या तोंडाकडे पाहूं लागतात. दूरदर्शनच्या नटींच्या वांट्यास हें विस्मरण विशेषच येतें. श्रीमती भारती आचरेकर यांचें उदाहरण या दृष्टीनें मननीय आहे.

भारतीबाई या सुप्रसिद्ध गायिका माणिक वर्मा यांच्या कन्या. त्यांच्या भगिनी वंदना गुप्ते यांनींही रंगभूमीवर लौकिक मिळविला आहे. १९८८ सालीं ‘वागळे की दुनिया’ ही मालिका दूरदर्शनवर सुरू झाली. व्यंगचित्रकार आर. के. लक्ष्मण यांच्या कल्पनेंतील साधा कारकून वागळे अंजन श्रीवास्तव यांनीं रंगविला आणि भारतीबाई त्याची पत्नी राधिका झाल्या. या भूमिकेंत ना आक्रोश, ना शृंगार. आहे त्या पगारांत संसार नेटका ठेवणें आणि वेळप्रसंगीं पतीस दोन शब्द सुनावणें, एवढेंच तिचें जग. परंतु तें प्रत्येक घराच्या परिचयाचें असल्यामुळें त्यांत एक खोटा सूर लागला तरी तत्काळ कानांस खुपतो. तो त्यांनीं लागूं दिला नाहीं.

या मालिकेची निर्मिती दुर्गाबाई खोटे यांच्या संस्थेची होती. दुर्गाबाईंनीं १९३२ सालीं ‘अयोध्येचा राजा’ या बोलपटांत तारामतीचें काम केलें, तेव्हां घरंदाज स्त्रीनें पडद्यावर यावें हें अनेकांस रुचत नसे. तो आक्षेप पुढें मावळला. मात्र ‘मुख्य काम असेल तरच मान’ ही समजूत अद्याप आमच्यांतून गेलेली नाहीं.

२०१३ सालच्या ‘द लंचबॉक्स’ या चित्रपटांत तर भारतीबाई पडद्यावर दिसतच नाहींत. वरच्या मजल्यावरील देशपांडेबाईंचा केवळ आवाज खिडकींतून ऐकूं येतो. तरीही अंथरुणाला खिळलेल्या पतीची वर्षानुवर्षें शुश्रूषा करणारी ती स्त्री आपण प्रत्यक्ष पाहिली, असें वाटतें. गायिकेच्या घरांतील संस्कार येथें फळास आले, असें म्हटल्यास अतिशयोक्ति होणार नाहीं. पुढें २०२१ सालीं वागळ्यांचा संसार नव्या रूपांत परतला, तेव्हां तेंच जोडपें घरांतील वडीलधारें होऊन आलें. नायिकेच्या कामास तारुण्याची मर्यादा पडते. गृहिणीची भूमिका मात्र नटीबरोबर वयानें वाढते, हें यावरून दिसून येतें.

स्नेहसंमेलनांतील मुलीच्या अभिनयाचें आपण कौतुक करतों. पण तिनें तोच मार्ग धरावयाचें म्हटलें, कीं “नायिका होणार असशील तर ठीक,” असें सुनावतों. संसारांत मुख्य कोण आणि दुय्यम कोण, हें जाणत्या घरांत कोणी मोजीत नाहीं. मग कलेंतच तें कां मोजावें? वडीलधाऱ्या मंडळींनीं याचा विचार अवश्य करावा.