वाटाण्याचे नवल

चलच्चित्रे नवी होती त्या काळी चमत्कारिक दिसेल ते टिपून घ्यावे, अशी छायाचित्रकारांची वृत्ती असे. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावे दादा यांनी १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती लावून तिचे चित्रण केले. माकडांना खेळ शिकविणारा मदारीही त्यांनी टिपला. असल्या चित्रांत मन रमते खरे. पण मदारी गल्लीत आला की तीच मौज फुकट पाहावयास मिळते.

दादासाहेब फाळके यांनी १९१२ साली निराळीच वस्तू निवडली. विलायतेहून ते कॅमेरा घेऊन आले होते. चित्रपट काढण्याचा निश्चय झाला होता, परंतु भांडवल नव्हते. त्यांनी कुंडीत वाटाणे पेरले, समोर कॅमेरा रोखला आणि महिन्याहून अधिक काळ एकेक चित्र टिपले. पुढे ती चित्रे पडद्यावर भराभर धावू लागली. बी फुटले, कोंब वर आला, त्याचा वेल झाला. आणि हे सारे सुमारे मिनिटभरात! ‘अंकुराची वाढ’ हे त्या चित्रपटाचे नाव. तो पाहून यशवंतराव नाडकर्णी यांनी कर्ज देऊ केले. १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’चा पाया असा एका कुंडीत घातला गेला.

१९१५ साली फाळक्यांनी आगकाड्यांनाही पडद्यावर खेळविले. युक्ती तीच, एकेक चित्र टिपण्याची. तरीही दोहोंची योग्यता सारखी मानता येत नाही. काड्या माणसाच्या हाताने सरकविलेल्या असतात. वाटाणा आपला आपण वाढलेला असतो. पहिल्या चित्रात नसलेली हालचाल भासविली जाते, तर दुसऱ्यात खरोखर घडणारी, पण डोळ्यांस न गवसणारी हालचाल उघड होते. नवलाच्या चित्रांची पारख याच कसोटीवर व्हावी.

अशी वस्तू शोधण्यास दूर जावे लागत नाही. कन्नड तालुक्यातील देवगाव रंगारीच्या शिवारात कपाशीचे बोंड उमलते. ते उमलताना कोणी पाहिले आहे? वेचणीचे हात फुटलेल्या बोंडाकडेच धावतात. शाळेच्या चित्रफितीसाठी दोन तोंडांचे वासरू शोधत हिंडण्यापेक्षा त्या बोंडासमोर कॅमेरा ठेवणे अधिक शहाणपणाचे. आज हे काम भ्रमणध्वनीनेही होते. घरातील मंडळी तो इतके दिवस एका जागी राहू देणार नाहीत, एवढीच काय ती अडचण.