भाड्याचं घर, हक्काचं शहर

लातूर, मालेगाव, चिपळूणहून पुण्यात नोकरीला आलेल्या आपल्या पिढीला 'घर कुठलं?' विचारलं, की ती गावाचं नाव सांगते. गावी मात्र जाणं होतं ते ईदेपुरतं. मोहल्ल्यातली लहान पोरं आपल्याला ओळखतही नाहीत. आणि जिथे रोज रात्री आपण झोपतो, तो वाकड-हिंजवडीचा फ्लॅट? तो 'भाड्याचा'. शिवाय नाव ऐकताच 'फ्लॅट गेला' म्हणणारे एजंटही भेटतात. असं दोन-तीनदा झालं, की हे शहर आपलं नाहीच, असं मन ठरवून टाकतं.

तो अपमान खरा आहे. देशात कुठेही राहण्याचा, स्थायिक होण्याचा हक्क राज्यघटनेच्या अनुच्छेद १९ ने दिला आहे, तरी तो सोसावा लागतो. पण घरमालक फार तर फ्लॅट नाकारू शकतो. शहर त्याच्या मालकीचं नाही.

१९५० चा लोकप्रतिनिधित्व कायदा हेच सांगतो. मतदार व्हायला त्या भागाचा सर्वसाधारण रहिवासी असावं लागतं, आणि कलम २० नुसार केवळ घर मालकीचं आहे म्हणून कुणी तिथला रहिवासी ठरत नाही. म्हणजे सातबाऱ्यापेक्षा रोजचं राहणं मोठं. पत्ता बदलायला नमुना ८ भरायचा. पुरावा म्हणून नोंदणीकृत भाडेकरार चालतो.

तरीही आपल्यातल्या अनेकांचं नाव गावच्या यादीत असतं आणि मतदानाच्या दिवशी आपण पुण्यात. दोन्हीकडे गैरहजर! मग वॉर्डातलं पाणी, कब्रस्तानची जागा, पालिकेच्या शाळेतले शिक्षक, सगळे निर्णय आपल्याविना होतात.

बार्शीचे मेहबूब हुसेन पटेल, म्हणजेच शाहीर अमर शेख, मुंबईत आले. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात मुंबईसाठी त्यांनी आवाज लावला, आणि १९६० साली मुंबईसह महाराष्ट्र झाला. आधी कुणी आपलं म्हणावं, मग आम्ही गाऊ, अशी अट त्यांनी घातली नाही.

मित्रमैत्रिणींनो, नाव एकाच यादीत राहतं, तेव्हा गाव की शहर हे विचार करून ठरवा. पण ठरवा. आणि जिथे राहता तिथल्या नगरसेवकाचं नाव, शेजारच्या आजींची तब्येत आणि कचऱ्याच्या गाडीची वेळ माहीत करून घ्या. करार अकरा महिन्यांचा असला, तरी शेजार तेवढ्यापुरता नसतो.