पासबुकातील छाट

संगमनेरच्या विडी कामगार स्त्रीला 'छाट' या शब्दाचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही. मांडीवर सूप घेऊन दिवसभर वळलेल्या विड्या ती कारखान्यात जमा करावयास नेते. तपासणारा काही विड्या नापसंत म्हणून बाजूस काढतो आणि तेवढी मजुरी कमी होते. नापसंतीचे कारण विचारण्याचा अधिकार या स्त्रियांना कोणी आपण होऊन दिला नाही. १९६६ च्या विडी व सिगार कामगार कायद्यात छाटीविषयीचे तंटे तातडीने मिटविण्यासाठी स्वतंत्र अधिकारी नेमण्याची जी तरतूद झाली, तिच्यामागे कामगारांचा दीर्घ असंतोष होता. २०२५ च्या नोव्हेंबरात नव्या श्रमसंहिता अमलात आल्या आणि तो कायदा इतिहासजमा झाला. त्याविषयी स्वतंत्रपणे लिहावे लागेल. आज आम्हांला लिहावयाचे आहे ते दुसऱ्याच एका छाटीविषयी. ती कारखान्यात होत नाही, बँकेत होते.

२०१६ ची नोटबंदी आणि पाठोपाठ २०१७ साली वेतन प्रदान कायद्यात झालेली दुरुस्ती, यांनंतर मजुरी रोखीऐवजी खात्यात जमा करण्याचा प्रघात झपाट्याने वाढला. त्यापूर्वीच, २०१४ च्या ऑगस्टपासून, जनधन खाती आणि त्यांच्याबरोबरची रूपे कार्डे घरोघर पोचली होती. कष्टकऱ्याचे खाते बँकेत असावे, ही मागणी १९६९ च्या राष्ट्रीयीकरणापासून समाजवाद्यांनी आग्रहाने केलेली आहे. तेव्हा खाते उघडले याबद्दल आमची तक्रार असण्याचे कारण नाही. प्रश्न पुढचा आहे. चार महिन्यांनी पासबुक छापून आणले की त्यात इंग्रजी आद्याक्षरांची एक ओळ असते आणि तिच्यापुढे वजा झालेली रक्कम. ती कशाची, हे खातेदाराला कळत नाही, घरातल्या शिकलेल्या मुलालाही बहुधा कळत नाही. खिडकीवर विचारले तर 'सिस्टिमने कापले' एवढे उत्तर मिळते. मौज अशी की, पासबुकातील नोंदी खातेदाराला उमजतील अशा असाव्यात, पैसे कोणाला गेले आणि आकार कशाबद्दल लावला हे नमूद असावे, असे रिझर्व्ह बँकेने २०१७ च्या जून महिन्यात बँकांना लेखी बजावलेले आहे.

अशी अनोळखी नोंद दोन प्रकारची असू शकते. एक चोराने केलेली, दुसरी खुद्द बँकेने केलेली. दोहोंचे उपाय निराळे असल्याने प्रथम ही निवड करावी लागते.

चोरीचा प्रकार आधी घेऊ. कार्ड आपल्याच डबीत असताना पैसे जाऊ शकतात. पुण्याच्या कॉसमॉस सहकारी बँकेवर २०१८ च्या ऑगस्टमध्ये जो हल्ला झाला, त्यात बनावट कार्डांच्या साहाय्याने २८ देशांतील यंत्रांतून पैसे उचलले गेले. एकूण रक्कम ९४ कोटींच्या घरात होती. त्याआधी २०१६ साली सुमारे ३२ लाख डेबिट कार्डांची माहिती फुटल्याच्या संशयावरून बँकांना कार्डे बंद करावी लागली किंवा बदलून द्यावी लागली. यांत कार्डधारकांचा काडीइतका दोष नव्हता. ६ जुलै २०१७ रोजी रिझर्व्ह बँकेने वाणिज्य बँकांसाठी, आणि त्याच वर्षीच्या डिसेंबरात सहकारी बँकांसाठी, परिपत्रक काढले ते या पार्श्वभूमीवर. खातेदाराने अनधिकृत व्यवहाराची बँकेकडून सूचना मिळाल्यापासून तीन कामकाजाच्या दिवसांत तक्रार केली आणि दोष त्रयस्थाचा असला, तर खातेदाराची जबाबदारी शून्य. चार ते सात दिवसांत केली तर साध्या बचत खात्यावर ती १० हजारांपर्यंत, जनधनसारख्या मूलभूत खात्यावर ५ हजारांपर्यंत. त्यापुढे बँकेच्या धोरणानुसार. तक्रारीनंतर दहा कामकाजाच्या दिवसांत रक्कम तात्पुरती खात्यात जमा करावयाची आणि ९० दिवसांत निकाल लावावयाचा. दोष खातेदाराचा आहे हे सिद्ध करण्याची जबाबदारी त्यात बँकेवर टाकलेली आहे. 'तुम्हीच कोणाला तरी ओटीपी सांगितला असेल,' हे खिडकीवरचे वाक्य म्हणजे पुरावा नव्हे. खातेदाराने गुप्त क्रमांक खरोखरच दुसऱ्याला दिला असेल, तर तक्रार करीपर्यंतचे नुकसान त्याचे. पण तसे घडले हे बँकेने दाखवावयाचे आहे.

हा नियम चांगला आहे. परंतु तो कोणत्या माणसाला डोळ्यांसमोर ठेवून लिहिला, हे तीन दिवसांच्या मुदतीवरून दिसते. ज्याच्या हाती स्वतःचा फोन आहे आणि ज्याला इंग्रजी संदेश वाचता येतो, असा तो माणूस आहे. विडी वळणाऱ्या स्त्रीच्या खात्याला जोडलेला क्रमांक पुष्कळदा नवऱ्याचा वा मुलाचा असतो, कधी बंद पडलेला असतो. भांडवलशाहीची पंढरी मानल्या गेलेल्या अमेरिकेने १९७४ च्या कायद्याने क्रेडिट कार्डाच्या ग्राहकाला हिशेबातील चुकीबद्दल लेखी हरकत घेण्यास ६० दिवस दिले. आमच्या देशातील डेबिट कार्डवाल्या मजुराला तीन! तथापि एक कलम कार्यकर्त्यांनी ध्यानात ठेवावे. हे दिवस व्यवहाराच्या तारखेपासून नव्हे, बँकेची सूचना पोचल्यापासून मोजावयाचे आहेत. सूचना पोचलीच नसेल, तर तसे तक्रारीत पहिल्याच ओळीत लिहिले पाहिजे.

आता बँकेने स्वतः केलेली कपात. आमच्या मते ही अधिक गंभीर आहे. कारण चोराविरुद्ध बँक आणि खातेदार निदान एका बाजूला असू शकतात. २०२१ साली मुंबईच्या आयआयटीतील संख्याशास्त्राचे प्राध्यापक आशिष दास यांच्या अभ्यासातून असे पुढे आले की, स्टेट बँकेने मूलभूत खात्यांवर महिन्याला चारांहून अधिक वेळा पैसे काढले वा दिले, की दर व्यवहारामागे १७ रुपये ७० पैसे आकारले, आणि सुमारे १२ कोटी खात्यांतून २०१५ ते २०२० या काळात ३०० कोटींहून अधिक रक्कम गोळा केली. प्रत्यक्ष कर मंडळाने २०२० च्या ऑगस्टमध्ये रूपे कार्ड आदी मार्गांनी झालेल्या व्यवहारांवरील आकार परत करण्यास बँकांना सांगितले, पण १ जानेवारी २०२० नंतरचाच. आधीच्या वसुलीला तो आदेश लागू नव्हता. एवढी मोठी छाट देशातील सर्वांत गरीब खातेदारांच्या पासबुकात वर्षानुवर्षे छापली जात होती आणि ती उघडकीस आणली एका गणितज्ञाने. कामगार संघटनांनी विचार करावा अशीच ही गोष्ट आहे.

महाराष्ट्रातील अनुभव तर ताजा आहे. २०२४ च्या ऑगस्टमध्ये 'लाडकी बहीण' योजनेचे पहिले पैसे खात्यांत जमा झाले, आणि काही बँकांनी ते किमान शिलकेच्या जुन्या दंडापोटी वा कर्जापोटी वळते करून घेतल्याच्या तक्रारी ठिकठिकाणांहून आल्या. सरकारला बँकांना तसे न करण्याविषयी कळवावे लागले. किमान शिलकेच्या दंडाआधी खातेदाराला सूचना द्यावी आणि निव्वळ दंडामुळे खाते उणे होऊ देऊ नये, हा रिझर्व्ह बँकेचा आदेश २०१४ सालचा आहे! तो पाळला गेला असता, तर पैसे जमा होताच वळते करून घेण्याइतका दंड साचलाच कसा असता?

विम्याच्या हप्त्याचे प्रकरण थोडे निराळे आहे. २०१५ साली सुरू झालेल्या जीवनज्योती योजनेचा हप्ता २०२२ पासून ३३० चा ४३६ रुपये झाला, सुरक्षा योजनेचा १२ चा २०. मे महिन्याच्या अखेरीस तो आपोआप खात्यातून वळता होतो. संमती न विचारता नाव नोंदविल्याच्या तक्रारी देशभर झाल्या आहेत. ४३६ रुपये म्हणजे काय, हे हजार विड्यांच्या मजुरीशी ताडून पाहावे. अशा वेळी सहीच्या अर्जाची प्रत मागावी. ती नसेल तर रक्कम परत मागावी. पण येथे घाई करू नये. या विम्याचे संरक्षण दोन लाखांचे आहे आणि घरच्यांना ठाऊकच नसल्याने दावा केला जात नाही, असेही घडते. नवरा गेल्यावर त्याचे पासबुक पेटीत टाकून देणाऱ्या बाईला त्यातील त्या अनोळखी ओळीचा अर्थ कोणी सांगितला, तर तीच ओळ तिच्या हक्काचा पुरावा ठरते.

म्हणून आमची सूचना साधी आहे. संगमनेर शहरातील विडी कामगारांच्या वस्त्यांत पक्षाच्या शाखांनी महिन्यातून एक संध्याकाळ पासबुके वाचण्यासाठी राखून ठेवावी. गुप्त क्रमांक कोणीही विचारू नये, कोणीही सांगू नये. न उमजलेली प्रत्येक नोंद तारीख व रकमेसह उतरून घ्यावी. चोरीचा संशय येताच कार्ड बंद करवून १९३० या क्रमांकावर कळवावे आणि दुसऱ्या दिवसाची वाट न पाहता शाखेत लेखी तक्रार द्यावी. आकाराचा प्रश्न असेल तर तो कोणत्या नियमान्वये लावला, एवढेच लेखी विचारावे. अर्ज दोन प्रतींत असावा आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्का, सही व तारीख घेतल्याशिवाय खिडकी सोडू नये. तोंडी तक्रारीची कोणत्याही दप्तरात नोंद राहत नाही. ३० दिवसांत उत्तर आले नाही किंवा आलेले पटले नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे विनाशुल्क जाता येते. मात्र खाते पतसंस्थेत असेल, आणि आपल्या तालुक्यात पतसंस्थांची वाण नाही, तर हा मार्ग खुला नाही. तेथे सहकार खात्याच्या सहायक निबंधकाचे दार ठोठवावे लागेल.

जमलेले अर्ज शाखाशाखांतून विखरून राहू देऊ नयेत. तालुक्यातील बँक अधिकाऱ्यांची समिती वेळोवेळी बैठकी घेत असते. अनधिकृत व्यवहाराच्या किती तक्रारी गेल्या वर्षात आल्या, त्यांपैकी कितींत दहा दिवसांच्या आत रक्कम जमा केली आणि संमतीपत्रावाचून कापलेले किती हप्ते परत केले, ही माहिती त्या समितीकडे अहिल्यानगर जिल्हा कार्यालयामार्फत लेखी मागावी. बँका आकडे नाकारतील, तर नकारही लेखी घ्यावा.