ई. एस. आर. वाढला, म्हणजे नेमके काय?

महिनाभर अंगात कसकस, सकाळी सांधे आखडलेले, दुपार सरली की थकवा. डॉक्टर रक्त तपासायला सांगतात आणि रिपोर्ट हाती येतो : ई. एस. आर. 48. आकड्यापुढे 'जास्त' अशी खूण असते. शेजारच्या काकू म्हणतात, ''आमच्या जाऊबाईंचाही असाच वाढला होता, टी. बी. निघाला.'' त्या रात्री घरात कोणाला धड झोप लागत नाही.

वास्तविक हा आकडा कोणत्याही रोगाचे नाव सांगत नाही. ही तपासणी अगदी साधी आहे. रक्त गोठू नये म्हणून त्यात औषध मिसळतात, ते बारीक नळीत भरून तासभर उभे ठेवतात आणि तांबड्या पेशी किती मिलिमीटर खाली बसल्या, ते मोजतात. शरीरात कुठे दाह असेल तर रक्तातील फायब्रिनोजेन वाढते. त्यामुळे पेशी भाकऱ्यांच्या चवडीसारख्या एकमेकींना चिकटतात, जड होतात आणि भराभर खाली बसतात.

पण पेशी इतर कारणांनीही लवकर बसतात. रक्त कमी असेल, दिवस गेलेले असतील, वय झाले असेल, तरी आकडा चढतो. आपल्याकडे बायकांत रक्तक्षय इतका आढळतो, की ई. एस. आर. पाहताना शेजारचा हिमोग्लोबिनचा आकडाही पाहायलाच हवा. वयासाठी एक ढोबळ हिशेब आहे : पुरुषांनी वयाची निमपट करावी, स्त्रियांनी वयात 10 मिळवून निमपट करावी. म्हणजे पन्नाशीच्या बाईला 30 पर्यंत काळजीचे कारण नाही.

केवळ ई. एस. आर. वाढला म्हणून क्षयाची औषधे सुरू करणे चूकच. त्यासाठी थुंकीची तपासणी, छातीचा एक्स-रे हवा. उलट आकडा ठीक आला, म्हणून क्षय नाहीच, असेही नव्हे.

दुसरी तपासणी सी. आर. पी. ची. हे प्रथिन 1930 साली न्यूयॉर्कच्या रॉकफेलर संस्थेत टिलेट आणि फ्रान्सिस यांना न्यूमोनियाच्या रोग्यांच्या रक्तात सापडले. ते यकृतात तयार होते, दाह सुरू झाल्यावर काही तासांतच वाढते आणि कारण दूर झाले, की दिवसाला साधारण निम्म्याने उतरते. ई. एस. आर. मात्र उतरायला काही आठवडे घेतो. म्हणून औषध लागू पडते आहे का, हे सी. आर. पी. लवकर सांगते. लिटरला 100 मिलिग्रॅमच्या वर गेले, तर बहुधा जिवाणूंचा संसर्ग असतो. काही प्रयोगशाळा डेसिलिटरचा हिशेब देतात. तेथला 1 म्हणजे येथला 10. एवढ्या फरकाने पुष्कळ घरे उगाच घाबरतात!

एका ठिकाणी मात्र उशीर महागात पडतो. पन्नाशीनंतर कानशिलात नवीच डोकेदुखी सुरू झाली, केस विंचरताना डोके दुखू लागले, घास चावताना जबडा भरून आला, तर त्याच दिवशी डॉक्टरांकडे जावे. कानशिलाच्या रोहिणीला दाह झाल्यास दृष्टी कायमची जाऊ शकते. अशा वेळी ई. एस. आर. बहुधा फार वाढलेला असतो. पण डॉक्टर रिपोर्टची वाट न पाहताही औषध सुरू करतात.

या दोन्ही तपासण्यांना उपाशीपोटी जावे लागत नाही. पुन्हा करायच्या झाल्यास शक्यतो त्याच प्रयोगशाळेत कराव्यात आणि जुना रिपोर्ट सोबत न्यावा.